सुमित्रा भावे : स्वतंत्र चित्रपट आणि लोकाश्रय



ज्या गुरुजींच्या स्मरणार्थ आपण येथे जमलो आहोत, त्यांच्या स्मृतीस अभिवादन करून मी विषयास आरंभ करतो.

कलेला आश्रय लागतो, हे होळकरांच्या या इंदूर नगरीत कोणी सांगावयास नको. परंतु राजाश्रयाचा काळ सरल्यावर कलावंताने कोणाकडे पाहावे? चित्रपटाच्या बाबतीत हा प्रश्न अधिकच बिकट होतो. कवीला कागद पुरतो. चित्रपटाला भांडवल लागते. सुमित्रा भावे यांच्या कारकिर्दीच्या आधारे मी याचा विचार करणार आहे.

१९४३ साली पुण्यात जन्मलेल्या सुमित्राबाईंनी चित्रपटाचे रीतसर शिक्षण घेतले नव्हते. त्या समाजकार्याच्या अध्यापक आणि संशोधक. झोपडपट्टीतील स्त्रियांच्या जीवनाचा अभ्यास करताना त्यांच्या ध्यानात आले, की ज्यांच्याविषयी आपण लिहितो, त्यांनाच ते वाचता येत नाही. मग तो अभ्यास त्यांच्यापर्यंत पोहोचवावयाचा कसा? या प्रश्नातून १९८५ मध्ये 'बाई' हा लघुपट जन्मास आला आणि राष्ट्रीय पुरस्कारास पात्र ठरला.

पुढे सुनील सुकथनकर यांच्यासह त्यांनी 'दोघी', 'वास्तुपुरुष', 'देवराई' असे चित्रपट दिले. पटकथा त्या स्वतः लिहीत. विषय पाहा : 'दोघी'त दारिद्र्यामुळे शहरात देहविक्रयाच्या वाटेला लागलेली थोरली बहीण, 'देवराई'त स्किझोफ्रेनियाने ग्रासलेला तरुण, 'अस्तु'मध्ये स्मृती हरपलेला संस्कृत पंडित. अशा विषयांवर पैसा लावावयास धंदेवाईक निर्माता सहसा धजत नाही. म्हणून लेखन-दिग्दर्शनाबरोबर अनेकदा निर्मितीचा भारही त्यांना शिरावर घ्यावा लागला. स्वातंत्र्य म्हणजे मनास येईल ते करणे नव्हे. आपण निवडलेल्या विषयाची किंमत आपणच मोजणे होय.

परंतु चित्रपट पूर्ण झाला म्हणजे सारे झाले, असे नाही. २०१३ च्या 'अस्तु'ला संवादलेखन आणि अमृता सुभाष यांचा अभिनय यांसाठी राष्ट्रीय पुरस्कार लाभले. तरी तो चित्रपटगृहांत आला २०१६ मध्ये! नैराश्यग्रस्त तरुणाची आणि कोकणच्या किनाऱ्यावरील कासव-संवर्धनाची कथा एकत्र गुंफणाऱ्या 'कासव'ने तर २०१६ च्या चित्रपटांतून सुवर्णकमळ मिळविले. डॉ. मोहन आगाशे यांच्यासारखे सुहृद त्याच्या निर्मितीत सहभागी होते. एप्रिल २०२१ मध्ये सुमित्राबाई निवर्तल्या.

मित्रहो, पुरस्काराची बातमी वाचून आपण अभिमानाने मान डोलावतो; तिकीट मात्र दुसऱ्याच चित्रपटाचे काढतो. राजाश्रय गेला, तेव्हा त्याची जागा लोकाश्रयाने घ्यावयाची होती, आणि ते लोक म्हणजे आपणच. महाराष्ट्राबाहेर वसलेल्या आपल्या समाजावर ही जबाबदारी अधिक आहे. येथे असा चित्रपट आपणहून येत नाही. त्याला अगत्याने बोलवावे लागते. या शाळेच्या माजी विद्यार्थ्यांनी वर्षातून एक तरी असा चित्रपट आणवावा, तिकीट काढून पाहावा आणि त्यावर मनमोकळी चर्चा करावी, एवढीच माझी विनंती आहे.