क्लाउडवरील कागदांचा ताळमेळ



सातबाऱ्याचा उतारा, निवृत्तिवेतनाची पत्रे, मुलांची प्रमाणपत्रे ही पूर्वी घरच्या ट्रंकेत असत. आज त्यांच्या प्रती संगणकात असतात, आणि तेथून त्या एखाद्या कंपनीच्या दूरच्या संगणकावर जातात. या दूरच्या कोठारास 'क्लाउड' म्हणतात. नाव ढगाचे, पण वस्तू जमिनीवरचीच. घरचा फोल्डर व तेथील फोल्डर यांचा ताळमेळ आपोआप राहणे, यास 'सिंक होणे' म्हणतात. तो बिघडल्यास काय करावे, हा आजचा विषय होय.

प्रथम एक भेद ध्यानी घ्यावा. ताळमेळ म्हणजे जतन नव्हे. समजा, वडवणीतील वडील आणि पुण्यातील मुलगा एकच खाते वापरतात. वडिलांनी जागा व्हावी म्हणून लग्नाची छायाचित्रे पुसली, तर ती क्लाउडवरून आणि मुलाच्या संगणकावरूनही जातील. यात यंत्राचा दोष नाही. सांगितले ते त्याने इमानाने सर्वत्र केले. गूगल ड्राइव्हच्या कचरापेटीत पुसलेली फाइल ३० दिवस राहते. तेवढ्यात ती परत घेता येते. जागाच हवी असेल, तर फाइल न पुसता ती केवळ क्लाउडवर ठेवण्याचा पर्याय निवडावा.

म्हणून दुरुस्तीस हात घालण्यापूर्वी सारा फोल्डर पेनड्राइव्हवर उतरवून घ्यावा. वनड्राइव्हमध्ये ज्या फाइलीपुढे ढगाचे चिन्ह दिसते, ती घरच्या संगणकात नसते, तिचे केवळ नाव असते; तेव्हा ती आधी उघडून खाली उतरवावी.

आता कारणे पाहू. ब्राउझरमध्ये खाते उघडून फाइल तेथे पोहोचली आहे काय, हे पाहावे. खातेच उघडत नसेल, तर इंटरनेट व पासवर्ड तपासावा. मग संगणकाचे घड्याळ पाहावे. जुन्या यंत्रातील लहान सेल संपला, की वीज जाताच तारीख मागे जाते, आणि तारीख चुकली की सुरक्षित जोडणी नाकारली जाते. आमच्याकडे वीज वारंवार जाते, म्हणून हे मुद्दाम सांगतो. त्यानंतर जागा पाहावी. गूगलची विनामूल्य जागा १५ जीबी असून टपाल, छायाचित्रे व फाइली यांचा त्यात समाईक वाटा असतो. वनड्राइव्हची ५ जीबी आहे. ती भरली, की नवे काही वर चढत नाही. लॅपटॉपची बॅटरी वाचविण्याची सोय चालू असल्यास, अथवा जोडणीवर मोजून डेटा वापरण्याची खूण केलेली असल्यास, वनड्राइव्ह स्वतःच थांबते. तो बिघाड नव्हे. फाइली तातडीने चढवावयाच्या असल्यास त्यास पुन्हा चालू करावे.

सर्वांत नाजूक प्रसंग दोन प्रतींचा. जोडणी नसताना दोघांनी एकाच फाइलीत निरनिराळे बदल केले, तर पुष्कळदा दोन्ही प्रती शेजारी शेजारी उभ्या राहतात. येथे घाईने एक पुसू नये. ज्ञानेश्वरीच्या प्रती हातोहात उतरताना त्यांत पाठभेद शिरले होते. पैठणच्या एकनाथमहाराजांनी शके १५०६, म्हणजे इ. स. १५८४ मध्ये, तिचे शुद्धीकरण केले. नवी प्रत तीच खरी, हा न्याय तेथे चालला नसता आणि आपल्या घरच्या हिशेबासही तो चालत नाही. दोन्ही प्रती उघडाव्यात, ओळीने ताडून पाहाव्यात, आणि निर्णय आपण करावा.

हे सर्व करूनही भागले नाही, तरच खाते संगणकापासून तोडून पुन्हा जोडावे. तसे केल्याने क्लाउडवरील फाइली जात नाहीत. मात्र ज्या अद्याप वर चढल्याच नाहीत, त्यांची घरची प्रत आपल्या हाती असलीच पाहिजे.

यंत्र ताळमेळ राखील. काय राखावयाचे, हे ते जाणत नाही. महिन्यातून एक दिवस नेमून महत्त्वाचे कागद पेनड्राइव्हवर उतरवावेत आणि तो पेनड्राइव्ह संगणकापासून काढून कपाटात ठेवावा, इतकी विनंती करून मी आपली रजा घेतो.