व्याकरणाच्या संज्ञा आणि आपली मराठी

(मंडळाच्या सुवर्णमहोत्सवी व्याख्यानमालेत केलेले भाषण)



सुवर्णमहोत्सवासारख्या आनंदाच्या प्रसंगी व्याकरण हा विषय निवडणे म्हणजे श्रीखंडाच्या पंगतीत कारल्याची भाजी वाढणे, असे कित्येकांना वाटेल. आम्ही भाषापंडित नाही. केंद्र सरकारच्या सेवेत टिपणे आणि मसुदे लिहिण्यात ज्यांची हयात गेली, त्यांच्यापैकी आम्ही एक. परंतु महाराष्ट्राबाहेर दीर्घकाळ राहिल्यावर एक गोष्ट आम्हांला मनोमन पटली आहे. जी भाषा चहूंकडून कानांवर पडते, तिचे व्याकरण ठाऊक नसले तरी चालते. जी केवळ घराच्या चार भिंतींत उरते, तिचे थोडेसे व्याकरण डोळसपणे जाणून घ्यावे लागते.

अडचण येते ती संज्ञांची. बहुव्रीहि, लाख्यात, व्याजस्तुती, प्रधानकर्तृक कर्मणी! शालेय जीवनात या शब्दांनी छडीइतकीच धास्ती घातलेली असते. वस्तुतः अशी प्रत्येक संज्ञा म्हणजे आवळून बांधलेले एक गाठोडे आहे. गाठ सोडली की आतली वस्तू साधी आणि ओळखीची निघते.

समासांची नावेच पाहा. 'बहुव्रीहि' म्हणजे बहु आहे व्रीहि, म्हणजे भात, ज्याच्याजवळ तो. अर्थात संपन्न माणूस. हा शब्द स्वतःच बहुव्रीहि समास आहे. 'तत्पुरुष' म्हणजे त्याचा पुरुष. हा स्वतः तत्पुरुष. 'द्विगु' या शब्दात दोन गाईंचा उल्लेख आहे आणि संख्यावाचक शब्दाने सुरू होणाऱ्या समासाचे ते उदाहरणच आहे. प्राचीन वैयाकरणांनी नाव आणि उदाहरण एकाच शब्दात ठेवून विद्यार्थ्याचा भार हलका केला. आपण मात्र नाव पाठ केले आणि त्यातील भात आणि गाई विसरलो!

'लाख्यात' या शब्दाचा लाखाशी संबंध नाही. आख्यात म्हणजे क्रियापदाचे रूप. ज्यात 'ल' प्रत्यय दिसतो ते लाख्यात: केला, गेली, आले. 'त' दिसतो ते ताख्यात: करतो, जाते. 'व' दिसतो ते वाख्यात: करावा, जावे. 'व्याजस्तुती'तील व्याज बँकेतले नव्हे. व्याज म्हणजे निमित्त, बहाणा. आरती संपल्यावर उगवणाऱ्या सभासदास आपले कार्यवाह म्हणतात, "वा! काय वेळेवर आलात!" ती व्याजस्तुतीच; वरून स्तुती, आतून निंदा. हा अलंकार या सभागृहात दर गणेशोत्सवात वापरला जातो, केवळ त्याचे नाव कोणी घेत नाही.

हा झाला विनोदाचा भाग. परंतु या संज्ञांवाचून आपल्या घरांत जे घडते, ते गंभीर आहे.

या कानपुरात वाढणारे आपले एखादे मूल सांगते, "मीने पुस्तक वाचली." सारे हसतात. आजी म्हणते, "असं नाही म्हणायचं." मूल विचारते, "का?" या 'का'ला बहुधा उत्तर मिळत नाही. असे चारदा हसे झाले की मूल घरातही हिंदीत बोलू लागते, आणि आपण म्हणतो, नव्या पिढीला मराठीची गोडी नाही.

वास्तविक त्या मुलाने निष्काळजीपणा केलेला नाही. हिंदीत 'उसने' तसे 'मैंने'; म्हणून मराठीत 'त्याने' तसे 'मीने' असा नियम त्याने बसवला. भाषाविज्ञानात या प्रवृत्तीला 'सादृश्य' म्हणतात. 'पुस्तक' शब्द हिंदीत स्त्रीलिंगी आहे आणि हिंदीत नपुंसकलिंग नाही, म्हणून 'वाचली'. चूक आहे, पण ती विचार करणाऱ्या मुलाची चूक आहे. 'सादृश्य' ही एक संज्ञा जाणणारा पालक हसणार नाही, समजावून देईल.

काय समजावून देईल? मराठीत 'मी' हे रूप प्रथमेचे आहे तसेच तृतीयेचेही आहे. जुन्या मराठीत 'म्या' म्हणत, तेथे आज 'मी' म्हणतात. म्हणून 'ने' लागत नाही. मी ग्रंथ वाचला, मी पोथी वाचली, मी पुस्तक वाचले. क्रियापद कर्माच्या लिंगाप्रमाणे बदलते, म्हणून प्रयोग कर्मणी. तरीही वाक्यात प्राधान्य वाचणाऱ्याचे राहते, म्हणून तो 'प्रधानकर्तृक'. गाठोडे सुटले!

याहून सुंदर गोष्ट 'संकर' प्रयोगाची. "तू पुस्तक वाचलेस" या वाक्यात 'वाचले' हे पुस्तकाच्या नपुंसकलिंगाशी जुळते आणि शेवटचा 'स' तुझ्याशी. एकाच क्रियापदाने कर्म आणि कर्ता दोघांचाही मान राखला. वैयाकरणांनी यास 'कर्तृ-कर्मसंकर' म्हटले. हिंदीच्या 'तूने पुस्तक पढ़ी' या वाक्यातील क्रियापद केवळ पुस्तकाकडे पाहते. ज्या दिवशी आपल्या घरांतून हा 'स' जाईल, त्या दिवशी काय गेले हे सांगायला तरी आपल्यापाशी शब्द हवा.

दादोबा पांडुरंग तर्खडकर यांचे 'महाराष्ट्र भाषेचे व्याकरण' 1836 साली प्रसिद्ध झाले, आणि मोरो केशव दामले यांचे 'शास्त्रीय मराठी व्याकरण' 1911 साली. संस्कृतातून आणि इंग्रजीतून आलेल्या चौकटी मराठीच्या अंगाला बेताने बसवण्याचे हे दीर्घ परिश्रम होते. त्या परिश्रमांच्या पोटी आलेल्या संज्ञांना केवळ परीक्षेतील गुणांचे साधन समजणे कृतघ्नपणाचे होईल.

शेवटी आणखी एका भेदाकडे लक्ष वेधतो. मराठीत प्रथमपुरुषी अनेकवचनाची दोन रूपे आहेत. 'आम्ही जाऊ' म्हटले तर ऐकणारा वगळला जातो. 'आपण जाऊ' म्हटले तर तोही सामावला जातो. भाषाविज्ञान यांना अनुक्रमे 'व्यावर्तक' आणि 'समावेशक' म्हणते. तमिळ आणि तेलुगू या भाषांत हा भेद आहे, गुजरातीतही आहे. प्रमाण हिंदीच्या 'हम'मध्ये नाही. या नगरीत तर एकटा मनुष्यही 'हम जा रहे हैं' म्हणतो. त्या प्रभावाने आपली मुले 'आपण' विसरू लागली आहेत आणि पाहुण्यालाही "आम्ही जेवायला बसू या" म्हणतात! पाहुण्याने पानावर बसावे की उठावे?

आमची सूचना लहानशी आहे. मंडळाच्या मासिक सभेत दहा मिनिटे एका संज्ञेला द्यावीत. एखाद्या सभासदाने तिची फोड करावी, घरातले उदाहरण द्यावे. आणि त्या महिन्यात ज्या चुका मुलांच्या तोंडून ऐकल्या, त्या न हसता तेथे मांडाव्यात. त्यासाठी पंडित नकोत, वर्गणीही नको. मूल 'का?' असे विचारील तेव्हा उत्तर देणारे कोणी तरी घरात असावे, एवढाच हेतू.

पन्नास वर्षांपूर्वी परप्रांतात आलेल्या मूठभर कुटुंबांनी 'आम्ही मराठी' म्हणून हे मंडळ उभारले. पुढील काळात आपली मुले, मराठी शिकू इच्छिणाऱ्या आपल्या सुना आणि आपले हिंदी भाषक शेजारी यांनाही येथे 'आपण' म्हणता यावे. या दोन सर्वनामांतील अंतर जी भाषा जाणते, ती राखणे आपल्या हाती आहे.