दुहेरी मळसूत्र आणि ऋषिऋण



एका शिक्षकाच्या स्मरणार्थ योजलेल्या या व्याख्यानासाठी आपण मला पाचारण केलेत, याबद्दल मी संस्थेचा ऋणी आहे. रसायनशास्त्राच्या अध्यापनात माझी उभी हयात गेली. त्यामुळे विषय निवडण्याची मोकळीक मिळताच डीएनए या रेणूच्या रचनेचा शोध माझ्या मनात आला. १९५३ साली वॉटसन आणि क्रिक यांनी ही रचना शोधून काढली, एवढ्या एका वाक्यात ही हकीगत बहुधा आटोपली जाते. हे वाक्य खोटे नाही. परंतु ते अपुरे आहे, आणि शोध कसे लागतात याविषयी विद्यार्थ्यांच्या मनात चुकीची समजूत रुजवणारे आहे.

या कथेचा प्रारंभ १८६९ साली जर्मनीतील ट्यूबिंगन येथे होतो. फ्रीड्रिश मीशर हा तरुण स्विस संशोधक इस्पितळातून टाकून दिलेल्या पट्ट्यांवरचा पू जमवून त्यातील पेशींचा अभ्यास करीत होता. पेशींच्या केंद्रकांत त्याला फॉस्फरसयुक्त असा एक अपरिचित पदार्थ सापडला. त्याने त्याला ‘न्यूक्लीन’ हे नाव दिले. आज आपण ज्याला डीएनए म्हणतो, तो प्रथम हाती आला तो असा.

पुढे कित्येक दशके या पदार्थाकडे कोणी फारसे आदराने पाहिले नाही. प्रथिने वीस प्रकारच्या घटकांची बनलेली. डीएनएमध्ये मात्र अ‍ॅडेनीन, थायमीन, ग्वानीन आणि सायटोसीन एवढी चारच अक्षरे. आनुवंशिकतेचा अवाढव्य ग्रंथ चार अक्षरांत कसा लिहिला जाणार, अशी शंका जाणत्यांनाही वाटे. १९४४ साली न्यूयॉर्कच्या रॉकफेलर संस्थेत ऑस्वल्ड एव्हरी, कॉलिन मॅक्लाउड आणि मॅक्लिन मॅकार्टी यांनी न्यूमोनियाच्या जंतूंवरील प्रयोगांनी दाखवून दिले की, एका जातीचे गुण दुसऱ्या जातीत नेणारे द्रव्य डीएनए हेच आहे. एव्हरी तेव्हा साठी ओलांडलेले होते. १९५५ साली ते निवर्तले. नोबेल पारितोषिक त्यांच्या वाट्याला आले नाही. त्यांच्या निष्कर्षाने प्रभावित झालेल्या एर्विन शारगाफ यांनी निरनिराळ्या जीवांतील डीएनएचे पृथक्करण केले. अ‍ॅडेनीन जितके, जवळजवळ तितकेच थायमीन आणि ग्वानीन जितके, तितकेच सायटोसीन, हे प्रमाण त्यांनी १९५० साली मांडले. या समानतेचा अर्थ मात्र त्यांना उलगडला नव्हता.

आता आपण लंडनच्या किंग्ज कॉलेजात येऊ. तेथे मॉरिस विल्किन्स क्ष-किरणांच्या साहाय्याने डीएनएचा अभ्यास करीत होते. १९५१ च्या जानेवारीत रोझलिंड फ्रँकलिन तेथे रुजू झाल्या. कोळशाच्या सूक्ष्म रचनेवरील संशोधनाने त्यांचा लौकिक झालेला होता. प्रयोगशाळेच्या प्रमुखांनी दोघांच्या कामाची वाटणी स्पष्ट केली नाही. डीएनएचे क्ष-किरणकार्य आपल्याकडे सोपवले आहे, अशी फ्रँकलिन यांची समजूत. त्या आपल्या कामात साहाय्य करतील, अशी विल्किन्स यांची अपेक्षा. या गैरसमजाने दोघांतील संवाद तुटला, आणि त्याचे परिणाम दूरवर गेले.

फ्रँकलिन यांनी प्रथम एक साधी गोष्ट केली. डीएनएच्या तंतूभोवतीच्या हवेतील ओलावा त्यांनी काटेकोरपणे नियंत्रित केला. तेव्हा ध्यानात आले की हा रेणू दोन रूपांत वावरतो. कमी ओलाव्यात ‘ए’, अधिक ओलाव्यात ‘बी’. पूर्वीची चित्रे अस्पष्ट येत, त्याचे एक मोठे कारण म्हणजे दोन्ही रूपांची सरमिसळ. १९५२ च्या मे महिन्यात त्यांचा विद्यार्थी रेमंड गॉसलिंग याने त्यांच्या मार्गदर्शनाखाली ‘बी’ रूपाचे एक छायाचित्र घेतले. त्यासाठी साठ तासांहून अधिक काळ तंतूवर क्ष-किरण सोडावे लागले. हेच ते ‘छायाचित्र क्रमांक ५१’. त्यातील ठिपक्यांची फुली पाहताच जाणकाराला मळसूत्राचा आकार ओळखू यावा. ठिपक्यांच्या अंतरांवरून मळसूत्राचा एक वेढा ३.४ नॅनोमीटरचा आणि त्यातील दोन पायऱ्यांमधील अंतर ०.३४ नॅनोमीटर, हे मोजता येते. नॅनोमीटर म्हणजे मिलिमीटरचा दहा लक्षांश भाग, हे येथे लक्षात घ्यावे.

इकडे केंब्रिजमध्ये जेम्स वॉटसन आणि फ्रान्सिस क्रिक प्रतिकृती जुळवून रचना ओळखू पाहत होते. १९५१ च्या अखेरीस त्यांनी केलेली तीन पदरांची प्रतिकृती पाहताच फ्रँकलिन यांनी तिच्यातील दोष दाखवला. पाण्याला धरून ठेवणारे फॉस्फेटचे गट बाहेरच्या बाजूस असले पाहिजेत. येथे ते आत कोंबलेले होते. १९५३ च्या आरंभी अमेरिकेत लायनस पॉलिंग यांच्यासारख्या श्रेष्ठ रसायनशास्त्रज्ञानेही जवळपास अशीच रचना मांडली आणि तीही फसली.

३० जानेवारी १९५३ रोजी विल्किन्स यांनी वॉटसन यांना ते छायाचित्र दाखवले. फेब्रुवारीत मॅक्स पेरुट्झ यांच्याकडून किंग्ज कॉलेजचा एक अहवाल क्रिक यांच्या हाती आला. त्यावर गोपनीयतेचा शिक्का नव्हता. त्यात फ्रँकलिन यांची मोजमापे होती. स्फटिकाची सममिती वाचताच रेणूचे दोन पदर परस्परविरुद्ध दिशांनी जात असले पाहिजेत, हे क्रिक यांनी ताडले. सहकारी जेरी डोनोह्यू यांनी चार घटकांची अचूक रासायनिक रूपे सांगितली. २८ फेब्रुवारीला वॉटसन यांना जोड्या जुळलेल्या दिसल्या : अ‍ॅडेनीन थायमीनशी, ग्वानीन सायटोसीनशी. शारगाफ यांच्या कोड्याचे उत्तर मिळाले. एक पदर ठाऊक असेल तर दुसरा आपोआप ठरतो, आणि सजीव आपली प्रत कशी काढतो याचेही दार किलकिले झाले.

२५ एप्रिल १९५३ च्या ‘नेचर’मध्ये तीन निबंध एकापाठोपाठ छापले गेले. पहिला वॉटसन-क्रिक यांचा, दुसरा विल्किन्स व सहकाऱ्यांचा, तिसरा फ्रँकलिन आणि गॉसलिंग यांचा. किंग्ज कॉलेजातील अप्रकाशित निष्कर्षांच्या सर्वसाधारण स्वरूपाची माहिती आपल्याला प्रेरक ठरली, एवढेच पहिल्या निबंधात म्हटले होते. प्रत्यक्षात घेतलेले ऋण त्याहून पुष्कळ मोठे होते. वाचकाला तिसरा निबंध प्रतिकृतीच्या पायासारखा न दिसता केवळ पुष्टीसारखा दिसला.

फ्रँकलिन १६ एप्रिल १९५८ रोजी कर्करोगाने, वयाच्या अवघ्या सदतिसाव्या वर्षी कालवश झाल्या. १९६२ साली क्रिक, वॉटसन आणि विल्किन्स यांना नोबेल पारितोषिक मिळाले. १९६८ साली वॉटसन यांच्या पुस्तकातून जगाला फ्रँकलिन भेटल्या, त्या एक हेकट स्त्री म्हणून. त्यावरील प्रतिक्रियेतून दुसरे टोक गाठले गेले : एक छायाचित्र चोरीला गेले आणि शोध हिरावला गेला. त्यांच्या वह्या मात्र वेगळे सांगतात. १९५३ च्या फेब्रुवारीअखेर दोन पदरांच्या मळसूत्रापर्यंत त्या स्वतःच्या वाटेने पोहोचल्या होत्या. पदरांच्या परस्परविरुद्ध दिशा आणि घटकांच्या जोड्या ही पावले मात्र उरली होती. २०२३ साली मॅथ्यू कॉब आणि नेथॅनिएल कम्फर्ट या अभ्यासकांनी जुनी कागदपत्रे तपासून असे प्रतिपादन केले की, या शोधाच्या चौघा बरोबरीच्या वाटेकऱ्यांपैकी त्या एक होत्या. मला हे मत न्याय्य वाटते. त्याने वॉटसन आणि क्रिक यांच्या प्रतिभेला उणेपणा येत नाही. विखुरलेले दुवे त्यांनीच सांधले. मात्र सांधण्यासाठी दुवे घडवावे लागतात, आणि ते घडवणाऱ्याला विचारावे लागते, त्याचे नाव घ्यावे लागते.

आपल्या परंपरेत ऋषिऋणाची कल्पना आहे. ज्यांच्याकडून ज्ञान मिळाले, त्यांचे ऋण अध्ययनाने आणि अध्यापनाने फेडावयाचे असते. माझी शिक्षकांना विनंती आहे की, हा धडा शिकवताना मीशर, एव्हरी, शारगाफ, फ्रँकलिन आणि गॉसलिंग यांची नावे फळ्यावर लिहावीत. त्याला पाच मिनिटे पुरतील. विद्यार्थिमित्रांनो, प्रयोगवहीत शेजाऱ्याचे निरीक्षण उतरवून घ्याल, तर त्याला विचारून घ्या आणि खाली त्याचे नाव लिहा. तुमचे स्वतःचे मोजमाप असेल, तर ते शंभरदा तपासा. त्याचा अर्थ आज तुम्हाला उमगला नाही, तरी उद्या दुसऱ्या कोणाला उमगेल. आणि तो उमगावा म्हणून ते बिनचूक असणे, हे तुमचे कर्तव्य आहे.