कापसाच्या पैशाची चित्रे

आपल्या शहाद्या-नंदुरबारकडच्या कापसाचं पुढं काय होतं, असं कुणी विचारलं, तर आपण म्हणू, सूत होतं, कापड होतं. कापसाच्या व्यापारातून चित्रंही गोळा होतात, हे मात्र मी मुंबईत पाहिलं.

तिथल्या म्युझियमची इमारत आपल्यापैकी पुष्कळांनी निदान बाहेरून पाहिली असेल. 1905 साली इंग्लंडच्या युवराजांनी तिची कोनशिला बसवली. जॉर्ज विटेट हा तिचा स्थापत्यकार. 1914 साली ती बांधून झाली, आणि लगेच महायुद्धात लष्करी इस्पितळ म्हणून वापरली गेली. लोकांना ती खुली झाली 1922 साली. साहेबाची इमारत खरी, पण तिचा घुमट विजापूरच्या गोलघुमटाची आठवण देतो, आणि आतली लाकडी कमानदार महिरप नाशिकच्या एका वाड्यातून विकत आणून बसवली आहे! 1998 साली तिला छत्रपती शिवाजी महाराजांचं नाव मिळालं. पुढं तिची नीट डागडुजी झाली, आणि त्या कामाला 2022 साली युनेस्कोचा पुरस्कारही लाभला.

याच वास्तूच्या पूर्वेकडच्या भागात, दुसऱ्या मजल्यावर, जहांगीर निकल्सन यांचा संग्रह आहे. निकल्सन हे कापसाचे व्यापारी, मुंबईचे शेरीफही झाले. वयाची पन्नाशी उलटल्यावर, 1968 साली, त्यांनी शरद वायकूळ यांचं चित्र घेतलं, आणि मग तो नाद सुटला नाही. गायतोंडे, रझा, हुसेन, पदमसी अशी जमवता जमवता चित्रं-शिल्पं आठशेच्या घरात गेली. 1976 साली नरिमन पॉइंटला त्यांच्या नावाचं एक दालन निघालं. पण त्यांच्या मनात होतं स्वतंत्र संग्रहालय, सगळ्यांनी येऊन पाहावं असं. ते काही त्यांना पाहायला मिळालं नाही. 2001 साली ते गेले. गायतोंडेही त्याच साली गेले. म्युझियममधलं दालन उघडलं 2011 साली. मालक गेल्यावर अशा संग्रहाची वाटणी होते, लिलाव होतो. इथं तसं झालं नाही, हे मला मोठं वाटतं.

माझ्याबरोबर शहाद्याचे एक शेतकरी स्नेही होते. एका चित्रापुढं ते थबकले. ना माणूस, ना झाड, नुसता रंग पसरलेला. मला म्हणाले, "भाऊ, हाई काय शे?" मला तरी कुठं सांगता येत होतं! नवी चित्रकला मला निम्मीच समजते, हे कबूल करतो. मी गप्प राहिलो. ते मात्र हलेनात. बऱ्याच वेळानं म्हणाले, "कपाशी येची लिधी का वावर असंच दिखस."

मी पुन्हा चित्राकडं पाहिलं. खरंच तसं दिसत होतं.

अस्सल चित्रापुढं असं उभं राहायला आपल्या पोरांना सुरतेवरून रात्रभर गाडीत बसून जावं लागतं, हे मला खटकतं. पुस्तकातल्या छापील चित्रात ते वावर दिसलं नसतं.

निघताना स्नेह्यांनी तिथल्या शिपायाला विचारलं, पोराला घेऊन पुढल्या वर्षी आलो तर हे चित्र इथंच असेल ना? तो म्हणाला, जागा थोडी, चित्रं फार; आलटून पालटून लावतात. जिना उतरताना स्नेही म्हणाले, "मग दिवाळीच्या सुट्टीतच आणतो त्याला."