काचेतल्या प्रवाळाचा चुना

घरातल्या खाऱ्या पाण्याच्या टाकीत प्रवाळ वाढतो, तेव्हा तो पाण्यातला चुना उचलून आपला सांगाडा बांधत असतो. त्यासाठी कॅल्शियम आणि कार्बोनेट दोन्ही लागतात. समुद्रात लिटरमागे साधारण 410 मिलिग्रॅम कॅल्शियम आणि 1,300 च्या आसपास मॅग्नेशियम असतं. टाकीतही तेवढंच राखावं.

मॅग्नेशियमकडे मात्र बहुतेकांचं दुर्लक्ष होतं, आणि घोळ तिथेच होतो. मॅग्नेशियम कॅल्शियम आणि कार्बोनेटला पाण्यातच एकमेकांना चिकटू देत नाही. ते घटलं, की हीटरवर, पंपावर पांढरी पुटं चढतात; तुम्ही कॅल्शियम ओतत राहता, पण आकडा काही वर जात नाही. म्हणून आधी खारटपणा मोजा, मग मॅग्नेशियम सुधारा, बाकीचं नंतर. कॅल्शियम आणि कार्बोनेटची द्रावणं एकाच वेळी, एकाच जागी कधीही ओतू नका. पाणी दुधाळ होतं.

घाई नको, हे मी कळकळीनं सांगते. क्षारता, म्हणजे पाण्यातल्या कार्बोनेटचं मोजमाप, एका दिवसात एका अंशाहून (dKH) जास्त वाढवली, तर प्रवाळाची टोकं पांढरी पडू शकतात. बाष्प होऊन उडालेल्या पाण्याच्या जागी आरओचं गोडं पाणीच घाला, कारण मीठ टाकीतच राहिलेलं असतं.

आणखी एक. आपल्याकडे खडक बांधणाऱ्या प्रवाळांना 1972 च्या वन्यजीव संरक्षण कायद्याचं संरक्षण आहे. म्हणून टाकीसाठी मालवणच्या समुद्रातला प्रवाळ काढू नका, तो तिथेच राहू द्या.