मनाची तपासणी : प्रश्नावलीला खरी उत्तरे द्या
(शेतकरी मेळाव्यातील भाषण)



माती परीक्षण, बीजप्रक्रिया, कीड सर्वेक्षण या विषयांवर आपण मेळाव्यात नेहमीच बोलतो. आजचा विषय थोडा वेगळा आहे. मी कृषिविद्या शिकवितो, डॉक्टर नाही. त्यामुळे कोणते औषध घ्यावे हे मी सांगणार नाही. परंतु दवाखान्यात किंवा आशाताईंकडून मनाच्या आरोग्याविषयी जो प्रश्नांचा कागद पुढे येतो, तो कशासाठी असतो आणि त्यातील बेरजेचा अर्थ काय, हे आपण शेतीच्याच भाषेत समजून घेऊ.

रक्तातील साखर यंत्रावर मोजता येते. उदासीनता दाखविणारी तशी रक्ताची तपासणी नाही. झोप लागते का, कामात मन रमते का, जगणे नकोसे वाटते का, हे ज्याचे त्यालाच ठाऊक असते. शिवाय आपली माणसे दवाखान्यात जाऊन ‘मन लागत नाही’ असे सांगत नाहीत. डोके दुखते, अंगात ताकद नाही, पोटात कसेतरी होते, असे सांगतात. गर्दीत डॉक्टरांना थोडा वेळ मिळतो. गोळ्या घेऊन माणूस घरी येतो आणि मूळ दुखणे तसेच राहते. ही उणीव भरून काढण्यासाठी रुग्णाने स्वतः उत्तरे द्यावयाच्या प्रश्नावल्या तयार झाल्या.

जागतिक आरोग्य संघटनेच्या एका प्रश्नावलीत २० प्रश्न आहेत आणि उत्तर फक्त ‘होय’ किंवा ‘नाही’ असे द्यावयाचे असते. आपल्यासारख्या देशांतील साध्या दवाखान्यांसाठी ती तयार केली गेली. त्यात डोकेदुखी, भूक, पचन, थकवा यांचीही विचारणा असते, कारण मनाचा त्रास पुष्कळदा शरीरातून बोलतो.

दुसरी प्रश्नावली ‘पीएचक्यू-९’ या नावाने ओळखली जाते. तिची मूळ चाचणी २००१ मध्ये प्रसिद्ध झाली. तीत ९ प्रश्न असून गेल्या दोन आठवड्यांत तो त्रास किती दिवस झाला हे सांगावयाचे असते. अजिबात नाही याला ०, काही दिवस याला १, निम्म्याहून अधिक दिवस याला २ आणि जवळजवळ रोज याला ३ गुण. एकूण बेरीज २७ पर्यंत जाते. १० किंवा त्याहून जास्त बेरीज आली तर पुढील तपासणी करावी, असा सर्वसाधारण संकेत आहे. यातील पहिले दोन प्रश्न आशाताई ३० वर्षे व त्यावरील व्यक्तींचा जो आरोग्य तपासणी अर्ज भरतात, त्यातही आहेत. एक प्रश्न कामातील गोडी कमी होण्याचा, दुसरा उदास किंवा निराश वाटण्याचा. त्यांची बेरीज ३ च्या वर गेल्यास पुढे पाठविण्याची सूचना आहे.

आता बेरीज जास्त आली म्हणजे आजार ठरला का? नाही. कपाशीत गुलाबी बोंडअळीसाठी आपण कामगंध सापळे लावतो. सतत तीन दिवस प्रत्येक सापळ्यात ८ पतंग आढळले की आपण सावध होतो. पण सापळ्यातील पतंग म्हणजे बोंडाचे नुकसान नव्हे. त्यासाठी हिरवी बोंडे फोडून आत अळी आहे का ते पाहावे लागते. प्रश्नावली म्हणजे सापळा आणि डॉक्टरांनी समोर बसवून केलेली विचारपूस म्हणजे बोंड फोडून पाहणे.

आकड्यांनी सांगतो. २००१ च्या चाचणीत १० ही मर्यादा धरल्यावर तीव्र उदासीनता असलेल्या १०० पैकी ८८ जण बरोबर सापडले आणि ती नसलेल्या १०० पैकी ८८ जण बरोबर वगळले गेले. समजा, दवाखान्यात आलेल्या १०० माणसांपैकी १० जणांना हा आजार आहे. प्रश्नावली त्यातील सुमारे ९ जणांना पकडेल. उरलेल्या ९० पैकी सुमारे ११ जणांची बेरीजही विनाकारण जास्त येईल. म्हणजे २० जण पुढे गेले तर त्यात खरे आजारी ९ असतील. म्हणून बेरीज जास्त आली तर घाबरू नये. आणि एक आजारी निसटतोही, म्हणून बेरीज कमी आली तरी त्रास होत असल्यास गप्प राहू नये.

हा कागद भरताना पुढील बाबी लक्षात ठेवाव्यात.

१. विचारलेल्या मुदतीचेच उत्तर द्यावे. दोन आठवडे विचारले असतील तर मागील वर्षाचे नुकसान त्यात मोजू नये.

२. रात्रीच्या विजेवर पाणी द्यावे लागत असल्याने झोप होत नसेल, तर तसे डॉक्टरांना जरूर सांगावे. रक्तक्षय, थायरॉईड, मधुमेह यांनीही थकवा येतो. ही तपासणीही करून घ्यावी.

३. वाचता येत नसेल तर परिचारिकेकडून एकांतात वाचून घ्यावे. शेजारी किंवा घरची माणसे बसली असता खरे उत्तर तोंडातून निघत नाही. भगिनींच्या बाबतीत हे विशेष लागू आहे.

४. ‘लोक काय म्हणतील’ म्हणून सगळीकडे शून्य लिहू नये. माती परीक्षणासाठी बांधावरची माती दिली तर अहवालही बांधाचाच येतो. मानसिक आरोग्यसेवा कायदा, २०१७ नुसार आपली माहिती गुप्त राखली जाणे हा आपला हक्क आहे.

खरे उत्तर दिल्याने काय साधते, याचे उदाहरण शेजारच्या गोव्यातील आहे. तेथील १० प्राथमिक आरोग्य केंद्रांत याच प्रश्नावलीत १४ च्या वर बेरीज आलेल्यांची निवड केली गेली. एका गटाला नेहमीच्या उपचाराबरोबर प्रशिक्षित सामान्य समुपदेशकांनी ६ ते ८ बैठकांत मदत केली. २०१७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या निष्कर्षांनुसार तीन महिन्यांनी या गटातील ६४ टक्के लोकांची बेरीज १० च्या खाली आली. ही मदत न मिळालेल्या गटात हे प्रमाण ३९ टक्के होते. म्हणजे योग्य माणूस वेळेवर सापडला तर साध्या उपायानेही उतार पडतो.

शेवटी नवव्या प्रश्नाविषयी. मरून गेलेले बरे किंवा स्वतःला इजा करावी, असे विचार येतात का, असा तो प्रश्न आहे. पुष्कळ जण येथे हात आखडतात. असे विचारल्याने तो विचार मनात रुजत नाही, उलट ओझे उतरते. येथे बेरजेची वाट पाहावयाची नसते. या एका प्रश्नाचे उत्तर ‘होय’च्या बाजूला असेल, तर त्याच दिवशी डॉक्टरांशी बोलणे आवश्यक आहे. त्या माणसाला एकटे सोडू नये. घरातील व शेतावरील कीटकनाशके, तणनाशके कुलूपबंद ठेवावीत आणि किल्ली दुसऱ्या विश्वासू माणसाकडे द्यावी. अविचाराची ती वेळ टळली तर पुष्कळदा जीव वाचतो. दवाखाना दूर असेल तर १४४१६ हा टेली-मानसचा क्रमांक फिरवावा. ऑक्टोबर २०२२ पासून सुरू झालेली ही शासकीय सेवा मोफत असून दिवसरात्र उपलब्ध आहे. मराठीतूनही बोलता येते.

कर्ज, पाऊस आणि बाजारभाव यांवर हा कागद उपाय नाही. मात्र त्यांच्याशी झुंजणारा माणूस आतून किती थकला आहे, हे त्याने वेळेवर कळते. बोंडअळी कोणाला झाली याची आपण लाज धरीत नाही, सर्वेक्षण करतो. मनाच्या बाबतीतही तसेच करावे, ही विनंती.