‘स्थळ’: मुलगी बघायला येणाऱ्यांचा सिनेमा

बचत गटाच्या आपल्या कार्यक्रमात एरवी आपण हप्ते, व्याज आणि बँकेच्या कागदांबद्दल बोलतो. आज एका सिनेमाबद्दल बोलू. पण त्यातही हिशेब आहेच.

सिनेमाचं नाव ‘स्थळ’. दिग्दर्शक जयंत दिगंबर सोमलकर. हे चंद्रपूर जिल्ह्यातल्या डोंगरगावचे. स्वतःचा सिनेमा करायचा ठरवल्यावर ते गावाकडेच गेले. मोठे नट घेतले नाहीत. घरं गावातली, शेतं कापसाची, बोली तिथली आणि पडद्यावर तिथलीच माणसं. हा सिनेमा २०२३ साली कॅनडात टोरांटोच्या महोत्सवात दाखवला गेला, तिथे त्याला नेटपॅक पुरस्कार मिळाला. मार्च २०२५ मध्ये तो आपल्याकडे थिएटरात आला.

गोष्ट सविताची. कापूस पिकवणाऱ्या शेतकऱ्याची ही मुलगी बी.ए. करतेय, तिला स्पर्धा परीक्षा द्यायची आहे. नंदिनी चिकटे हिने ती भूमिका केली आहे. कॉलेजात सविता स्त्री सक्षमीकरण शिकते आणि घरी तिला बघायला पुरुषांची रांग लागते.

सुरुवातीलाच सोमलकर गंमत करतात. सविताच्या स्वप्नात बघायला आणलेला असतो मुलगा, आणि त्याला प्रश्न विचारतात बायका. आपल्याला हसू येतं. मग तेच प्रश्न सविताला होतात: नाव काय, उंची किती, शिक्षण काय, छंद काय. आता हसू येत नाही. पुन्हा पाहुणे, पुन्हा पोहे, पुन्हा तेच प्रश्न. कुणाला रंग सावळा वाटतो, कुणाला उंची कमी. या दिग्दर्शकाची पद्धत हीच. तो भाषण देत नाही, कुणाला खलनायक करत नाही. एकच गोष्ट पुन्हा पुन्हा दाखवतो, म्हणजे सवयीची झालेली गोष्ट आपल्याला टोचायला लागते.

आता आपला हिशेब. हुंडाबंदीचा कायदा १९६१ सालचा. तरी आपल्या गटांच्या वहीत ‘घरखर्च’ म्हणून लिहिलेलं कर्ज कधीकधी कशासाठी असतं, हे आपल्याला माहीत असतं. सविताच्या वडिलांचाही सगळा जीव कापसाच्या भावावर टांगलेला. भाव पडला की लेकीचं लग्नही अडतं. हे फक्त विदर्भातलं नाही. पुण्याच्या वस्तीतही पाहुण्यांसाठी उसनवारी होते, आणि मुलीचं पुढचं शिक्षण ‘लग्न जमल्यावर बघू’ म्हणून थांबतं.

म्हणून आम्ही गटातल्या सगळ्याजणींनी एक ठरवलंय. बघायला कुणी आलं, तर पहिला प्रश्न मुलीने विचारायचा. आणि मुलीच्या परीक्षेच्या फीसाठी मागितलेलं कर्ज बैठकीत सगळ्यात आधी मंजूर करायचं.

जमलं तर ‘स्थळ’ बघा. एकट्या नको, घरातल्या पुरुषांना शेजारी बसवून बघा.